पारकरभाईंची साक्ष

पारकरभाई मस्कतजवळच्या बरक्याच्या मासळीबाजारात सुरमईसाठी थांबले, तरी त्यांचं बोट आपोआप कठड्याच्या वेल्डिंगवरून फिरायचं. "रंग बघू नको, देसाई. जोड बघ," हे मला त्यांचं ठरलेलं वाक्य. मूळचे ते दाभोळचे. मस्कतमधल्या, कुरुमच्या आमच्या कचेरीत ते वेल्डिंग तपासायचे आणि मी शेजारच्या टेबलावर नकाशे काढायचो.

त्याआधी दोन वर्षं ते अमेरिकेतल्या एका राज्यात, नदीकाठच्या रसायनांच्या कारखान्यात होते. तिथल्या सात नंबरच्या टाकीचा तळाचा जोड आतून झिजलाय, असा अहवाल त्यांनी दिला. कंपनीने टाकीला नवा रंग काढला आणि यांचा करार वाढवला नाही. तिथला एक कामगार, डेल, मात्र यांना धरून राहिला. दर महिन्याला तो टाकीच्या तळाचा फोटो पाठवायचा. तपकिरी डाग आधी तळहाताएवढा होता, मग ताटाएवढा झाला. फोटो आला की पारकरभाई तो बोटांनी मोठा करून बघत आणि जेवणाचा उघडलेला डबा तसाच बंद करत.

मग त्या राज्याच्या विधिमंडळात जुन्या टाक्यांची तपासणी सक्तीची करणारं विधेयक आलं. डेलच्या खटपटीमुळे समितीने पारकरभाईंची साक्ष व्हिडिओवर घ्यायचं कबूल केलं. तिथली सकाळ म्हणजे इथली संध्याकाळ. कचेरी रिकामी झाल्यावर ते इस्त्रीचा शर्ट घालून संगणकापुढे बसले.

"आपण आमच्या राज्याचे रहिवासी आहात का?" समितीच्या अध्यक्षबाईंनी विचारलं.

"नाही, बाई. मस्कतहून बोलतोय. पण ती टाकी मी आतून बघितलीय."

प्रत्येकाला दोनच मिनिटं होती. तळाचा पत्रा किती जाड उरलाय एवढं सांगेपर्यंत वेळ संपली. बाईंनी आभार मानले आणि पुढच्या माणसाला बोलावलं.

ते विधिमंडळ दोन वर्षांतून एकदाच, काही महिने भरतं. पारकरभाई रोज संध्याकाळी कामकाजाची यादी उघडत. विधेयक आठवं होतं, ते विसावं झालं, मग दुसऱ्या पानावर गेलं. शेवटच्या दिवशी आम्ही दोघं बघत बसलो. सभासद एकमेकांशी हात मिळवत होते, फोटो काढत होते. अधिवेशन संपल्याचं जाहीर झालं आणि विधेयक तसंच राहिलं.

"आता?" मी विचारलं.

"आता दोन वर्षांनी. ती टाकी तेवढी टिकायची नाही."

"टिकेल, इन्शाल्ला."

"आपलं काम करावं, मग इन्शाल्ला म्हणावं," ते हळूच म्हणाले.

त्यांनी माझ्यासमोरच डेलला फोन लावला आणि नोकरी सोड म्हणून विनवलं. डेल म्हणाला, दोन मुली शिकताहेत, गावात दुसरा कारखाना नाही. त्यानंतर पारकरभाई चिडचिडे झाले. फोन वाजला की आधी नाव बघायचे आणि मग श्वास सोडायचे.

थंडीच्या तोंडावर एका महिन्यात फोटो आला नाही. पुढच्या आठवड्यात डेलच्या बायकोचा फोन आला. पाळी बदलताना टाकी तळाशी फाटली होती. तीन माणसं गेली, त्यांत डेल होता. पारकरभाईंनी तिचं सगळं ऐकून घेतलं, फोन ठेवला आणि बराच वेळ बेसिनपाशी तोंड धूत राहिले.

पुढच्या अधिवेशनात तेच विधेयक यादीत पहिलं होतं. समितीने यांना पुन्हा बोलावलं. त्याच बाई होत्या. "आज तुम्हाला वेळेची मर्यादा नाही," त्या म्हणाल्या. सगळे माना खाली घालून बसले होते. ते आता डेलबद्दल बोलतील, असं मला वाटलं.

पारकरभाईंनी चष्मा पुसला.

"सात नंबरचं आता काही सांगत नाही," ते म्हणाले. "आठ आणि अकरा त्याच वर्षी बांधल्यात, त्याच हातांनी. त्या अजून भरलेल्या आहेत. आज त्यांच्याखाली कोण कामाला आहे, त्यांची नावं मला माहीत नाहीत. तुम्हाला आहेत का?"