जोडलेला बल्ब

नव्वदच्या सुमारास कोसाडच्या आमच्या खोलीत नवा बल्ब क्वचितच यायचा. वडील कापड विणणाऱ्या लूमच्या कारखान्यात होते. तिथल्या बल्बमधली टंगस्टनची तार तापून तापून ठिसूळ व्हायची आणि यंत्रांच्या हादऱ्यांनी तुटायची. असे बल्ब वडील घरी आणत आणि तुटलेली टोकं एकमेकांत अडकेपर्यंत हलक्या हाताने हलवत बसत. मग बटण दाबलं की विजेच्या ठिणगीने टोकं चिकटायची. शेजारी याला नशीब म्हणत. कसलं डोंबलाचं नशीब! तार आखूड झाल्यामुळे बल्ब पहिल्यापेक्षा लख्ख पेटायचा आणि म्हणूनच लवकर जायचा. त्या लख्ख उजेडाकडे वडील कौतुकाने बघत राहायचे. आई मात्र घाईघाईने तांदूळ निवडायला बसायची.