बघ्याची भूमिका

शाळेत असताना मधल्या सुट्टीत भांडण जुंपलं की हा बाकावर चढून बघत बसायचा. सोडवायला कधी गेला नाही. पुढे त्याने या बघण्याचाच व्यवसाय केला. माहितीपट काढू लागला. बदलता समाज हा विषय. प्रश्न विचारायचे नाहीत, मध्ये पडायचं नाही, घडेल ते टिपायचं. पोरगा मनाने वाईट नव्हता, माझा तर लाडका विद्यार्थीच. पण कोपऱ्यात कॅमेरा घेऊन बसलेला दिसला की धुलाई कारखान्यातल्या बायका म्हणत, "आला गं बघ्या!"

त्या कारखान्यात त्याची थोरली बहीण चादरींना इस्त्री करायची. तीन वर्षं त्याने तिथे चित्रण केलं. नवं यंत्र यायचं ठरलं तेव्हा मालकाने त्याच्या कॅमेऱ्यासमोर शब्द दिला, "एकीलाही काढणार नाही." यंत्र आलं आणि अकरा जणी घरी बसल्या. त्यात बहीणही. तक्रार कामगार अधिकाऱ्यांकडे गेली, तर मालकाने कानांवर हात ठेवले.

सुनावणीच्या आदल्या दिवशी बहीण त्याच्याकडे गेली.

"तेवढा तुकडा दे रे."

"ताई, तो मी पुसला."

"पुसलास?"

"मालक थेट कॅमेऱ्यात बघून बोलत होते. आमच्यात असा शॉट चालत नाही. माणसाला कॅमेऱ्याचं भान नको."

"म्हणजे डोळ्याला डोळा देऊन बोललेलं तेवढं केरात! आणि मी घाम पुसत होते ते?"

"ते आहे. फार सुंदर आलंय."

"घाल चुलीत!"

सुनावणीला तो आला, कॅमेरा घेऊनच. अधिकारी बाई समजूतदार होत्या. म्हणाल्या, "चित्रण नसू दे. तक्रार या बायकांचीच आहे, तिऱ्हाईत म्हणून तिथे तुम्हीच होता. कानांनी ऐकलंत ना? सांगा, मी लिहून घेते."

अकरा जणी त्याच्याकडे बघू लागल्या. त्याने भिंगाचं झाकण काढलं, परत लावलं.

"मी प्रसंगात शिरत नाही. माझ्या कामाचं ते तत्त्व आहे."

"जेवायच्या वेळी बरा शिरतोस माझ्या स्वयंपाकघरात!" बहीण म्हणाली.

सगळ्या हसल्या. अधिकारी बाईसुद्धा हसल्या, आणि 'पुरावा नाही' असं लिहून त्यांनी फाइल मिटली.

अकरा जणी जिना उतरल्या. त्याने वरून, पाठमोऱ्या टिपल्या. एकीनेही वळून पाहिलं नाही, त्यामुळे शॉट वापरता आला. फार चांगला आलाय म्हणतात.