कोर्दोबाची काठी

फोन आला तेव्हा मी तळेगावच्या आठवडे बाजारात कांद्याच्या रोपाची जुडी हातात घेऊन बघत होतो. शेजारच्या लताचा फोन. "आबा, घरी या. काकूंना बरं वाटंना," एवढंच बोलली. मी जुडी खाली ठेवली आणि जीप पकडून वस्तीवर आलो. अंगणात माणसं जमलेली. कौसल्येला बाजेवर निजवलेलं होतं, आणि माझी नजर आधी भिंतीकडं गेली... माणूस असं का करतो, मला सांगता येत नाही. भिंतीवरच्या खालच्या दोन रांगांतल्या कुंड्यांतून पाणी ठिबकत होतं. वरची रांग कोरडी होती. म्हणजे ती तिथवर आली आणि तिथंच थांबली. बांबूची काठी फरशीवर आडवी पडली होती, तिच्या टोकाचा डबा कलंडलेला. डॉक्टर येऊन गेले होते, काय झालं ते लता सांगत होती, पण मला सगळं त्या भिंतीनंच सांगितलं होतं.

त्याला आता सहा आठवडे झाले. गेलेल्या माणसाबद्दल लोक लिहितात, फार प्रेमळ होती, सगळ्यांचं करायची. ते खरंच होतं. अंगणवाडीत मदतनीस होती, अर्ध्या गावाला तिनं नाक पुसायला शिकवलं. पण मी सातवी शिकलेला माणूस, मला गोड लिहिता येत नाही. मी तिच्यावर चार वर्षं जळत होतो. ते कुणाला सांगितलं नाही, तिलाही नाही. म्हणून इथं लिहितो.

आमची मनीषा सणसवाडीच्या कारखान्यात इंजिनिअर. कंपनीनं तिला दोन वर्षांसाठी स्पेन देशात सेव्हिल नावाच्या गावी पाठवलं. तिथून तिनं फोन केला, की मे महिन्यात तुम्ही दोघं या, तिकिटाचं मी बघते. पण फोन केला तो आईला. मी तिथंच बसलो होतो, माझा फोन माझ्या खिशात होता. मला राग आला. म्हणालो, मी येत नाही, गुडघा दुखतो. वाटलं होतं की दोघी मनधरणी करतील, मी चार दिवस ताणीन आणि मग जाईन. कुणी केलीच नाही. कौसल्या म्हणाली, "मग मी जाऊन येते. तुमचं भाकरीचं पीठ डबल दळून ठेवते." ती दौंडला माहेरी जायची तरी मी स्टँडवर सोडायला जायचो. ती बाई एकटी विमानात बसून गेली, आणि मी चाळीस दिवस लताच्या हातची आमटी खाल्ली.

परत आली ती बोलतच आली. सेव्हिलच्या रस्त्यांवर म्हणे दोन्ही बाजूंना संत्र्याची झाडं, फळं खाली पडलेली, आणि कुणी उचलत नाही. हिला राहवेना. एक उचलून सोलून खाल्लं तर कडूजहर. "बघायलाच लावलीत हो ती, वासासाठी," असं सांगून स्वतःच हसायची. तिथं एक उंच मनोरा आहे, आधी मशिदीचा होता, आता चर्चचा. आत पायऱ्याच नाहीत, नुसता चढ, कारण पूर्वी बांग देणारा घोड्यावर बसून वर जायचा. गुडघे दुखणारी ही बाई तो मनोरा चढली. मला टोमणा होता तो, मला कळला. तिथल्याच कोर्दोबा गावच्या जुन्या मशिदीत म्हणे खांबांचं रानच आहे, वर लाल-पांढऱ्या पट्ट्यांच्या कमानी, कुठंही उभं राहा, शेवट दिसत नाही. आणि त्या रानाच्या मधोमध नंतरच्या राजांनी चर्च बांधलेलं. "जिंकणाऱ्यानं दुसऱ्याचं पुरतं मोडलं न्हाई, त्यातच आपलं बसवलं," ती म्हणायची. मी म्हणायचो, असेल. मला काय त्याचं.

खरा काटा पुढंच होता. कोर्दोबाला जुन्या घरांना आत अंगणं असतात, पांढऱ्या भिंती, आणि भिंतभर निळ्या कुंड्या टांगलेल्या, पार छतापर्यंत. मे महिन्यात लोक परक्यांना ती अंगणं बघू देतात. तशा एका अंगणात एक म्हातारा होता, आंतोनियो नावाचा. हिनं त्याचं दोन मिनिटांत अंतूनाना करून टाकलं. वरच्या कुंड्यांना पाणी घालायला तो एका लांब वेताच्या टोकाला पत्र्याचा डबा बांधून वापरायचा. हौदात डबा बुडवायचा, उचलायचा, वर नेऊन अलगद कलता करायचा. हिनं हात पुढं केला, त्यानं काठी हातात दिली आणि मागं उभं राहून हिचे हात धरून शिकवलं. फोटो आहे. निघताना हिनं त्याला जयभीम घातला, तर त्यानंही हात जोडून जयभीम म्हटलं. त्याचा व्हिडिओ आहे. लग्नाला चव्वेचाळीस वर्षं झाली होती, मी चारचौघांत तिचा हात कधी धरला नव्हता. तो फोटो मी तिच्या माघारी किती वेळा बघितला, ते मलाच ठाऊक.

कुंड्या त्याच्या बायकोच्या, असं मनीषानं तिला समजावून सांगितलं होतं. बायको वारली, तेव्हापासून तो घालतो पाणी. कौसल्येनं ते मला तीनदा सांगितलं. तिसऱ्यांदा मी म्हणालो, "त्याला दुसरं काम काय?"  मग तिनं विचारलं, "मी गेल्यावर तुम्ही घालाल का?" मी म्हणालो, "मी तीस वर्षं सरकारी पाणी सोडलंय. आता कुंड्यांना न्हाई घालणार."

हे खरं होतं. मी पाटकरी होतो, कालव्यावर. कुणाच्या शेताला कवा पाणी जाणार, किती तास, ते माझ्या हातात. ज्या गावात माझ्या बापाला विहिरीवर चढू देत नव्हते, तिथं कालव्याच्या दाराची चावी माझ्या कमरेला होती. पाण्याची अक्कल मला आहे, असं मी जन्मभर समजत आलो. आणि ही बाई परदेशातल्या म्हाताऱ्याकडून पाणी घालायचं शिकून आली होती... तेलाचे पत्र्याचे डबे निळे रंगवून तिनं आमची पडवीची भिंत भरली. सदाफुली, चिनी गुलाब, जे जगेल ते. बांबूला दूध पावडरीचा डबा बांधला. सकाळी उठली की आधी भिंत, मग माझा चहा. एकदा मी हौसेनं बादली घेऊन दोन रांगा भिजवल्या, शेताला पाण्याची पाळी दिल्यासारख्या, तुडुंब. आठ दिवसांत मुळं कुजली. ती म्हणाली, "पाट न्हाई हो ह्यो, कुंडी हाय." लतापुढं म्हणाली. नंतर मी हात लावला नाही.

एके दिवशी भाकऱ्या करता करता तिनं ग्रॅनाडा काढलं. "तिथला राजवाडा बघताना तर तुम्हीच—" एवढंच बोलली असेल. मी ताटावरून उठलो. "पुरं कर. तुझ्या त्या स्पेननं डोकं उठवलंय." ती "बरं" म्हणाली आणि तव्यावरची भाकरी उलटली. त्यानंतर तिनं स्पेनचं नाव काढलं नाही. मला वाटलं, जिंकलो. माणूस किती खुळा असतो... ती बोलायची तेव्हा निदान मला कळायचं तरी ती कुठं आहे. गप्प राहून भिंतीला पाणी घालायला लागली, तेव्हापासून ती रोज सकाळी तासभर कोर्दोबात असायची आणि मी तळेगावात.

तिच्या जलदान विधीला मनीषा आली होती. सणसवाडीला परत जायच्या आदल्या दिवशी आम्ही दोघं पडवीत बसलो होतो. मी विचारलं, ग्रॅनाडात काय होतं? ती म्हणाली, "आईनं सांगितलं नाही तुम्हाला?" मी म्हणालो, राहून गेलं.

मग तिनं सांगितलं. डोंगरावर लाल राजवाडा आहे, अरबांनी बांधलेला. नक्षी, महाल, सगळं तिथं, पण आई तिथं फार रमली नाही. वरच्या बागेत एक जिना आहे. त्याच्या दोन्ही कठड्यांना वरून पन्हळ कोरलेली, आणि हात ठेवायच्या जागी पाणी वाहतं. नदीचं पाणी लांबून पाट काढून आणलेलं, शेकडो वर्षांपूर्वी, अजून चालू. आईनं त्या पाण्यात हात घातला आणि काढलाच नाही. मागं रांग लागली. मनीषाला म्हणाली, त्या पहारेकऱ्याला विचार, हे पाणी सोडतो कोण? त्याचं नाव काय? पहारेकऱ्याला काही सांगता येईना, तो हसला. तेव्हा ती मनीषाला म्हणाली, "राजाचं नाव समदे सांगत्यात. पाणी सोडणाऱ्याचं कुणीच न्हाई. आमचे हे आले असते, तर त्यांनी हुडकून काढला असता."

मनीषा रडत होती. मला रडू आलं नाही, मला राग आला. हे वाक्य माझं होतं. चार वर्षं ते पोरीकडं पडून होतं, त्या पहारेकऱ्यानंही ऐकलं, कळलं नसेल तरी ऐकलं. आणि ज्याच्यासाठी होतं, तो ताटावरून उठून गेला. जळायला आता मीच उरलोय... त्या दिवशी जो उठून गेला, त्याच्यावर जळतो.

आता भिंतीला मी पाणी घालतो. सकाळी आधी भिंत, मग चहा. पहिल्या दिवशी वरच्या रांगेपासून सुरुवात केली, कारण ती तिची राहिलेली होती. पण काठी तिच्या मापाची. ती ठेंगणी होती, म्हणून तिनं बांबू लांब ठेवलेला. ती उभी राहायची तिथं मी उभा राहिलो तर डबा कुंडीच्या वर भिंतीवर आपटतो, पाणी माझ्याच डोक्यावर. लताचा नवरा म्हणाला, "आबा, वीतभर कापून देऊ का?" मी नको म्हणालो. मी दोन पावलं मागं सरतो. तिथून डबा बरोबर कुंडीवर येतो, आणि सगळी भिंत एकदम दिसते, खालपासून वरपर्यंत. चार वर्षं ह्याच घरात राहून ती मला अशी दिसली नव्हती. अंतूनानाला त्याची भिंत अशी दिसते का, ठाऊक नाही. त्याची काठी त्याच्याच मापाची असणार.