प्रयागबाईंनी काठ सैल सोडला

सणसरच्या प्रयागबाईंना रिकामं बसता येत नाही. उभा जन्म उसाच्या फडात वाढं बांधण्यात गेला. तोडलेल्या उसाच्या शेंड्याचा हिरवा पाला गोळा करायचा, त्याच्याच पात्यांना पीळ देऊन मोळी आवळायची आणि गुरांसाठी विकायची. मग कंबर गेली. डॉक्टर म्हणाले, वाकणं बंद.

तेव्हापासून लेक ऋषिराज मागं लागला, पुण्याला चल. "हितं काय काम हाय तुझं?" हा त्याचा सवाल. हा सवाल ऐकला की आमचं डोकं फिरतं. गावातले बाप्ये दिवसभर पारावर तंबाखू मळत बसतात, त्यांना कुणी विचारतं का? बाईनं मात्र स्वतःच्या घरात राहायला कारण दाखवायचं. बरं, पुण्याला जाऊन बाई करणार काय? मागच्या खेपेला गेल्या, तर सूनबाई श्रेयानं भांड्यालासुद्धा हात लावू दिला नाही. माया खरी तिची, पण प्रयागबाई ग्यालरीत येरझाऱ्या घालून परत आल्या.

कारण मिळालं ते मुनिराकडून. मुनिराचं बारामतीत गाद्या-उशांचं दुकान. हल्ली तान्ह्या बाळांचे फोटो काढणारे स्टुडिओवाले तिच्याकडं जाड विणीची ब्लँकेटं मागतात. अंगठ्याएवढी जाड लोकर, सुया नाहीतच. लोकरीचे फासे दंडावर चढवायचे आणि हातानंच विणायचं. मुनिरानं मोबाईलवर दाखवलं आणि सांगितलं, "एक पुरं करून दाखवा. बरं उतरलं तर पुढची समदी तुमच्याकडं."

ऋषिराज रविवारी न्यायला येणार होता. म्हणजे ब्लँकेट रविवारच्या आत.

रविवारी सकाळी मुनिरा बघायला येऊन बसली होती आणि प्रयागबाई शेवटची ओळ बंद करत होत्या. तेवढ्यात दारात गाडी वाजली.

"आई, अजून आवरलं न्हाय? ऊठ."

"उठू कशी? हात काढला तर समदं उसवंल."

"मग हातासकट चल!"

"तुझ्या गाडीत मावंल का बघ आधी," मुनिरा म्हणाली.

प्रयागबाईंनी भराभर फासे उतरवले, शेवटची गाठ मारली आणि ब्लँकेट खाटेवर पसरलं. पसरलं कुठलं? मधे ऐसपैस आणि शेवटचा काठ पोत्याच्या तोंडासारखा आवळलेला. चारदा हातानं दाबला, चारदा उठून बसला.

मुनिरानं काठ चाचपला. "प्रयागबाई, ह्यात बाळ ठिवायचंय. तुमी मोळी बांधली."

"सैल मोळी वाटंत सुटती," प्रयागबाई पुटपुटल्या. "गिऱ्हाईक तोंडावर फेकतं."

"हितं आवळलेलं फेकत्यात. आसलं मी दुकानात न्हाय ठिवायची."

"झालं मग," ऋषिराज म्हणाला. "चल आता."

प्रयागबाईंचा चेहरा उतरला. पण बाईनं गाठ सोडली, सगळा काठ उसवला, फासे परत दंडावर घेतले. दोन फासे बंद केले, पुन्हा आवळले. सोडले. पुन्हा आवळले. मन सैल म्हणत होतं आणि बोटं ऐकत नव्हती. कपाळावर घाम आला. ऋषिराज घड्याळ बघत दारात येरझाऱ्या घालत होता. अस्वस्थपणा आईकडूनच आलेला, त्याला कोण काय करणार?

"फिरतूस कशाला नुसता? हिकडं ये. हात दे."

"कशाला?"

"दे म्हणते न्हवं!"

तो खाली बसला. प्रयागबाईंनी त्याचं मनगट फाशात घातलं आणि त्याच्यावरूनच लोकर ओढली. त्याच्या मनगटाच्या जाडीपेक्षा काही फासा आवळेना. एक फासा बंद झाला. मग पुढचा.

"आई, मी काय खुंटी हाय का?"

"हलू नगंस!"

मुनिरा पदर तोंडाला लावून हसत होती. ऋषिराज आधी चिडला, पण काठ अर्ध्यावर आला तेव्हा आपसूक मनगट पुढच्या फाशात घालायला लागला.

दुसऱ्यांदा पसरलं ते सपाट पडलं. मुनिरानं चारी कोपरे ओढून पाहिले, उलटं करून पाहिलं. प्रयागबाई तिच्या तोंडाकडं बघत उभ्या.

"लोकर उद्या दुकानातल्या तौसिफकडून धाडते," मुनिरा ब्लँकेटची घडी घालत म्हणाली. "आधी दोन करा. पांढरी."

"पर मी दुकानात येऊन न्हाय बसायची. हितंच, माझ्या दारात करणार."

"कुठंबी करा. काठ तेवढा असाच पायजे."

ऋषिराजनं लोकरीचे तंतू झटकले आणि श्रेयाला फोन लावला. "आई येत न्हाय... अगं, बरी हाय ती. न्हाय, भांडलो बी न्हाय." मग म्हणाला, "काम लागलंय तिला."

"म्हणावं, पाव्हणी म्हणून येईन," प्रयागबाई मागून ओरडल्या.