आईच्या बोलण्याला दुसरे शब्द

बाइंडिंगच्या दुकानात कात्रणांचं पोतं आठवड्याला भरतं. किश्श्यांचं रोज भरतं, अन् ते रद्दीवाला पण नेत नाही. विद्यापीठाच्या गेटासमोर आमचं दुकान. मी प्रबंध शिवतो, निसारभाई कॉम्प्युटरवर बसतो. शाळेत मी गेलो नाही. अक्षरं लावून लावून वाचतो, सावकाश. घाई आमच्याकडं फक्त सबमिशनवाल्यांना.

पूर्वी पोरं यायची ती चुका दुरुस्त करायला. आता येतात शब्द बदलायला. विद्यापीठाचं सॉफ्टवेअर प्रबंध तपासतं. दुसरीकडं छापलेलं सापडलं की तेवढं लाल करतं. लाल जास्त झालं की प्रबंध परत. मग पोरं म्हणतात, "निसारभाई, अर्थ तोच ठेवा, शब्द तेवढे बदला." निसारकडं पण त्याचं एक मशीन आहे. बटण दाबलं की घराचं गृह होतं.

मध्यंतरी मुकुंदवाडीची वंदना रोज येऊन बसायची. तिचा प्रबंध बांधकामावरच्या बायांवर. त्यात तिच्या आईनं, कौसाबाईनं, सांगितलेली हकिकत होती. ती वंदनानंच आधी एका मासिकात दिलेली, म्हणून नेमकी तीच लाल झाली. अवतरणचिन्हं लावून पाहिली, लाल हटेना. गाईड मॅडम म्हणाल्या, शब्द बदल, नाहीतर मी सही करणार नाही. पीएचडी तिथंच अडकली. पोरीचं मन होईना बदलायला, अन् पीएचडी सोडवेना पण. बसल्या बसल्या मी तिला आमचे किस्से सांगायचो.

*

पडेगावचा एक जण होता. निसारनं त्याचा अख्खा प्रबंध मशीनमधून काढला. गाईडचं नाव प्रकाश. आभाराच्या पानावर ते झालं 'डॉ. उजेड'! पोरगं घाबरत घाबरत माफी मागायला गेलं. सरांनी चष्मा काढला अन् शांतपणे विचारलं, "नावाचं जाऊ दे रे. आभाराचं पान पण बदलून घ्यावं लागलं तुला?"

*

दुसरा एक तोंडी परीक्षेला बसलेला. परीक्षकांनी त्याच्याच प्रबंधातलं एक वाक्य वाचलं अन् अर्थ विचारला. हा पाणी पिऊन येतो म्हणून व्हरांड्यात आला अन् दुकानात फोन लावला.

"निसारभाई, तिसऱ्या प्रकरणात मला काय म्हणायचंय?"

निसार म्हणाला, "मियाँ, मैंने तो बस बटन दबाया."

"मग दाबताना काय वाटलं, तेवढं तरी सांगा!"

*

हॉस्टेलवरच्या दोघा मित्रांनी एकाच पुस्तकातून उचललं, एकमेकांना न सांगता. दोघंही वेगवेगळ्या वेळी निसारकडं येऊन शब्द बदलून गेले. मशीन एकच, त्यानं दोघांना तेच शब्द दिले. आता याचं त्याच्या नावानं लाल अन् त्याचं याच्या. आमच्याच दुकानात एकमेकांच्या कॉलरला धरलं. माझं चोरलंस, तू माझं चोरलंस, लई गोंधळ. निसारनं दोघांचं ऐकून घेतलं अन् एवढंच विचारलं, "मूळ किसका है?"

कॉलरी सुटल्या. एकानं दुसऱ्याला विचारलं, "चहा घेतो का?"

*

वंदना या सगळ्यांना हसली. अन् एका दुपारी हसता हसताच निसारला म्हणाली, करून टाका माझं पण.

बटण दाबलं. लाल गेलं. निसारनं प्रिंट काढून दिली. पण वंदना ती माझ्या टेबलावर ठेवीना.

"काका, आईला वाचून दाखवते. ती 'हे माझं' म्हणली तर हे शिवा. नाय म्हणली तर जुनंच शिवा. मग सही नाय झाली तर नाय."

दुसऱ्या दिवशी ती कौसाबाईला घेऊन आली. जय भीम झालं. मी स्टूल दिलं, निसारनं पंखा त्यांच्याकडं फिरवला. हे कुणाचं आहे ते वंदनानं सांगितलं नाही, नुसती वाचायला लागली.

मूळचं मला पाठ झालेलं होतं: "डोक्यावर खडीची पाटी, पाठीला पोरगी. पाटी उतरवली तरी डोकं पेटलेलंच. पोरगी रडली की मुकादम वरडायचा, म्हणून मी मोठ्यानं गाणं म्हणायची."

आता ते असं झालं होतं: "मस्तकी पाषाणखंडांची टोपली, पृष्ठभागी कन्या. टोपली उतरविल्यावरही मस्तक प्रज्वलितच. कन्येने रुदन केल्यास पर्यवेक्षक गर्जत असे, यास्तव मी उच्च स्वरात गायन करीत असे."

कौसाबाईनं पदर तोंडाला लावून सगळं ऐकलं. मध्ये एकदा डोळे पुसले. वाचून झालं, वंदना थांबली. मी दोरा ओवलेली सुई तशीच हातात धरून थांबलो.

कौसाबाई म्हणाली, "लई सोसलं गं तिनं. कोणत्या गावची हाय ही बाई?"