कोपरावरचा रफू

आमच्या स्कॉटलंडच्या या किनाऱ्यावर प्रत्येक घराच्या जर्सीची वीण वेगळी. ती काही हौस नव्हे. बुडालेला माणूस चेहऱ्यावरून ओळखू येत नाही, विणीवरून येतो. एल्स्पेटमावशीची वीण मी आजही डोळे मिटून विणेन. तिच्याइतकी तोंडाळ आणि हाताने नेटकी बाई मी पुन्हा पाहिली नाही.

एकोणीसशे अठराच्या ऑगस्टमध्ये तिच्या मुलाची, वॉटीची, मासेमारी बोट जर्मन पाणबुडीने बुडवली. बाकीचे छोट्या होडीतून वल्ही मारत परतले, वॉटी कप्तान म्हणून त्याला कैद करून नेलं. मग ना पत्र, ना निरोप. ऑक्टोबरात बंदराच्या तोंडाशीच आमच्या गस्ती बोटींनी एक पाणबुडी बुडवली. मासे साफ करायच्या सुऱ्या टाकून आम्ही बायकांनी धक्क्यावर टाळ्या पिटल्या. आता आठवलं की लाज वाटते.

नवव्या दिवशी एक प्रेत वाळूला लागलं. अंगात वॉटीची जर्सी, काठावर त्याच्या नावाची अक्षरं.

"वॉटीच. पाणबुडीतच कोंडून ठेवला होता मेल्यांनी," लोक हळहळले.

मावशीने बाही ओढून पाहिली. कोपरावर रफू केलेला होता. ती माझ्या कानाशी लागली. "हा हात माझा नव्हे. कुण्या दुसऱ्या आईने आपल्या पोरासाठी केलंय. आणि माझ्याहून बरं केलंय, मेलीने!"

"मग सांग की सगळ्यांना!"

"म्हणजे जर्मन म्हणून याला कबरस्तानाच्या कुंपणाबाहेर पुरतील. तू तोंड उघडलंस तर बघ."

तिने त्याला आपल्या नवऱ्याशेजारी, वॉटीच्या नावाने पुरलं. डोळ्याला रुमाल म्हणून लावला नाही. दुसऱ्याच दिवशी वॉटीच्या मापाच्या नव्या जर्सीचे टाके घातले. शेजारणी म्हणाल्या, बिचारीचं डोकं फिरलं. बाह्या विणून होईतो लढाई संपली आणि जानेवारीत वॉटी स्टेशनवरून चालत घरी आला, नुसता हाडांचा सापळा. मावशीने आधी त्याला माशांचं सूप पाजलं, मग शिव्या दिल्या.

दुसऱ्या दिवशी तो स्वतःच्याच कबरीपुढे उभा राहिला. "आई, खाली कोण आहे?"

"तुझी जर्सी घातलेला."

"योहान असणार. इंजिनवरचा पोरगा. आपल्यातला पाव मला द्यायचा, आणि सारखा कुडकुडायचा. मला जर्मनीत किनाऱ्यावर उतरवलं, तो रजेवर घरी निघाला, तेव्हा मीच काढून दिली."

"गाव कुठलं त्याचं?"

"विचारलंच नाही गं."

मावशी तिथेच गवतात बसली आणि इतक्या महिन्यांत पहिल्यांदा रडली. "मग त्याच्या आईला कोण कळवणार रे?" ती म्हणाली. "ती वाट बघत असेल."