सतरा नंबरचं प्रेत चालत गेलं

हसायचं असेल तर आधी हातातला चहा खाली ठेवा. मग सांगते. मी एकदा मेले होते, आणि मेल्यावर उठून बिस्किटं खायला गेले होते. त्यापायी कुवेतचे अग्निशमनवाले, सहा ॲम्ब्युलन्स, आकाशातला एक ड्रोन आणि माझा स्वतःचा नवरा, एवढे सगळे पाऊण तास उन्हात ताटकळले.

खोटं वाटतंय ना? मलाही वाटलं असतं.

लग्नाला तेव्हा सव्वा महिना झाला होता. नखांवर हळद, हातात हिरवा चुडा, आणि कुवेतमधल्या खैतान भागातल्या फ्लॅटमध्ये अजून न उघडलेल्या तीन बॅगा. सुहास, म्हणजे माझा नवरा, इथल्या एका हॉस्पिटलात इमर्जन्सीत नर्स आहे. आणि मी? मी मुळातच कमी बोलणारी. सांगलीला घरी पाहुणे आले की आई सांगायची, "सायली आहे हो घरात." नाहीतर कळायचंच नाही कुणाला.

वरच्या मजल्यावर मंजिरीताई राहतात. बावीस वर्षं इथल्या लॅबमध्ये टेक्निशियन, मूळच्या पुण्याच्या. त्यामुळे विचारत नाहीत, सांगतात.

"सायली, शनिवारी सकाळी मोकळी आहेस. सुलैबियाला मॉक ड्रिल आहे. गोदामात केमिकल गळलं, आग लागली, चाळीस लोक सापडले, असं सगळं खोटं खोटं. सरकारची सगळी खाती असतात. जखमी कमी पडतायत. तुझं नाव दिलंय."

"मला नाही जमणार हो ताई. मला ओरडता येत नाही."

"ओरडायला मी आहे! तुझ्यासारख्या शांत मुलीला मेलेल्याचा रोल देतील. नुसतं पडायचं."

आता सुहासची गोष्ट अशी की त्या दिवशी जखमींची यादी त्याच्याकडे होती. कोण सापडलं, कोण कुठे गेलं, सगळा हिशोब त्याने जुळवायचा. पहिल्यांदाच एवढी जबाबदारी. आणि ती बघायला मंत्रालयाची माणसं फायली घेऊन येणार. आठवडाभर तो झोपेतसुद्धा नंबर पुटपुटत होता. मी जखमींत आहे एवढं त्याला माहीत होतं. पण कोण मेलंय, कोण गंभीर आहे, हे ड्रिल संपेपर्यंत त्यांना सांगत नाहीत. पाकिटात बंद.

शनिवारी रिकाम्या गोदामापाशी पोचलो. एका फिलिपिनो मुलीने मंजिरीताईंच्या पायावर असं काही रक्त रंगवलं की मला खरीच भोवळ यायला लागली. ताई खूश. "अजून थोडं घाल गं, गुडघ्यावर कमी वाटतंय!" गळ्यात त्यांच्या लाल कार्ड, म्हणजे गंभीर. माझ्या कपाळाला थोडं रक्त आणि गळ्यात काळं कार्ड. नंबर सतरा. मृत.

मला गोदामाच्या मागच्या भिंतीशी नेऊन झोपवलं. सक्त ताकीद होती, हलायचं नाही. मेलेल्यांना सगळ्यात शेवटी उचलतात, कारण आधी जिवंतांना वाचवायचं असतं. पटण्यासारखं आहे. मी डोळे मिटले. आयुष्यात पहिल्यांदा मला जमण्यासारखं काम मिळालं होतं.

आणि फोन थरथरला. फोन ठेवून यायला सांगितलं होतं. मी कुर्त्याच्या खिशात ठेवला होता. ही चूक पहिली.

सासूबाई. व्हिडिओ कॉल. घेतला नाही तर त्या सुहासला लावणार, आणि तो तर आज... म्हणून घेतला. चूक दुसरी.

"सायली? झोपलीस का गं या वेळी? आणि हे कपाळाला काय लागलंय? रक्त?"

"रंग आहे, आई. ड्रिल आहे. मी..." आता काय सांगू? "मी मेलेय."

तिकडे मिरजेत सासूबाईंनी फोन डोळ्यांच्या अगदी जवळ नेला.

"गळ्यात काळं काय आहे ते?"

"मेल्याचं कार्ड."

"अगं बाई! सव्वा महिन्याची नवरी तू, हातात चुडा, मंगळसूत्रावर मेल्याचं कार्ड घालून पडलीयेस? काढ आधी! जखमी हो हवं तर. हात मोडून घे. पण मरायचं नाही, सांगून ठेवते!"

हसू नका. मी बीएस्सी आहे. माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही. पण रणरणत्या उन्हात भिंतीशी एकटं पडल्यावर, कपाळाला रक्त फासलेलं असताना, बीएस्सी फार कामाला येत नाही. कार्डं वाटणाऱ्याच्या हातून एक कोरं हिरवं कार्ड तिथे पडलं होतं. हिरवं म्हणजे किरकोळ जखमी. मी काळं खिशात घातलं, हिरवं गळ्यात अडकवलं. एका कार्डाने कुणाचं काय अडतंय?

तेवढ्यात सायरन. आणि मग जे सुरू झालं ते मी जन्मात विसरणार नाही.

गाड्या आल्या त्या आरडाओरडा करत नाही, रांगेत आल्या. प्रत्येकाला आपली जागा ठाऊक. मुखवटे घातलेली माणसं अंतराळात चालल्यासारखी आत शिरली. बघता बघता तीन तंबू उभे राहिले. एक जण कर्ण्यावरून अरबीत, मग इंग्रजीत, मग हिंदीत सांगत होता, "जो चल सकता है, वो आवाज़ की तरफ़ आ जाओ!" बंगाली माणसाला बंगालीतून, मल्याळी बाईला मल्याळममधून. एवढ्या धुरात त्यांनी हा विचार केला होता की घाबरलेल्या माणसाला आपलीच भाषा कळते!

मी एवढी भारावले की उठले आणि चालायला लागले. मला चालता येत होतं ना!

हिरव्या तंबूत माझ्या कार्डावर एक्केचाळीस नंबर लिहिला, पाठीवर चांदीसारखी चकचकीत चादर टाकली आणि हातात चहा-बिस्किटं दिली. मी कोपऱ्यात बसून ते सगळं डोळ्यांत साठवत होते. समोरून मंजिरीताई स्ट्रेचरवरून गेल्या. "अल्ला! देवा! मेले रे मेले!" दोन्ही धर्मांत विव्हळत होत्या. मला पाहून एक डोळा उघडला. "तू इथे काय करतेस? तू तर वारलीस ना?"

मी बिस्किट खाली ठेवलं.

मधल्या मोकळ्या जागेत अधिकारी जमले होते. त्यांचा प्रमुख उंच, पांढऱ्या दाढीचा कुवेती. सगळे त्याला अबू नासिर म्हणत. सुहास त्याच्यासमोर यादी घेऊन उभा. आवाज माझ्यापर्यंत येत होता.

"चाळीस आत होते, चाळीस बाहेर आले," फाईलवाला एक जण म्हणाला. "खलास. छान झालं."

मी सुटकेचा श्वास सोडला. आणि माझा नवरा, माझा भिडस्त, साधा नवरा, म्हणाला, "नाही सर. आकडा जुळतो, माणसं जुळत नाहीत. सतरा नंबर आलेलाच नाही. आणि एक्केचाळीस कोण आहे ते मला माहीत नाही. बाहेरचं कुणीतरी असेल. सतरा अजून आत आहे."

"अरे, हे ड्रिल आहे."

"म्हणूनच सर. आज सोडला तर उद्याही सोडू."

मंत्रालयाच्या माणसाने फाईलमध्ये काहीतरी लिहिलं. अबू नासिरने सुहासकडे क्षणभर पाहिलं आणि वॉकी-टॉकी उचलला. "सबातआश," एवढंच म्हणाला. सतरा.

आणि अख्खी यंत्रणा उलटी फिरली! मुखवटे पुन्हा चढले. ड्रोन वर गेला. टोपी काढून घाम पुसणारी माणसं टोपी घालून परत आत गेली. 'सबातआश! सबातआश!' चारी बाजूंनी हाका.

तुम्हाला सांगते, माझ्या अंगावर काटा आला. सांगलीला पुरात आम्ही दोन दिवस गच्चीवर होतो. बोटीतून एक जवान आला होता, त्याच्याकडे भिजलेली वही. आमच्या गल्लीतले एक मास्तर सापडत नव्हते. तो तीनदा परत आला. "वहीत नाव आहे, म्हणजे माणूस आहे," म्हणायचा. तिसऱ्या खेपेला मास्तर सापडले, माळ्यावर. तेव्हा मी लहान होते आणि मला वाटलं होतं, सरकार म्हणजे हा माणूस. इथे तशी साठ माणसं उन्हात हाका मारत होती. तेही एका प्रेतासाठी. तेही खोट्या.

आणि ते प्रेत तंबूत बसून चहा पीत होतं.

आता शहाण्या बाईने काय केलं असतं? उठून सांगितलं असतं. पण मंत्रालयाच्या माणसांसमोर उठून मी कोणाची बायको म्हणून सांगू? ज्याने आत्ता एवढं ठणकावून सांगितलं त्याची? मला अचानक वाटलं, एकच मार्ग आहे. गुपचूप परत जायचं आणि आपल्या जागी मरून पडायचं. म्हणजे ते मला शोधतील, सापडेन, सुहासची यादी जुळेल. सोपं.

तंबूच्या मागून निघाले. वाकून, भिंतीच्या कडेकडेने. चांदीची चादर पाठीवर तशीच! उन्हात मी केवढी चमकत असेन, विचार करा. जागेवर पोचले, काळं कार्ड काढून गळ्यात घातलं, आडवी झाले. हिरवं काढायचं राहिलं.

वर ड्रोन येऊन थांबला. माझ्याकडे बघत. मी श्वास रोखला.

नंतर कळलं, तिकडे पडद्यावर त्यांनी सगळं पाहिलं होतं. एक चकाकणारं प्रेत रांगत आलं आणि स्वतःची जागा शोधून झोपलं. पण त्याच वेळी अबू नासिरने सतरा नंबरचं पाकीट फोडायला लावलं होतं आणि सुहासने आतलं नाव वाचलं होतं. त्याने पडद्याकडे बघितलंच नाही. त्याला एवढंच कळलं, की आपली बायको खरंच कुठेतरी हरवली आहे, आणि आपण सोडून कुणी विचारलंसुद्धा नसतं.

मला मुखवटेवाल्यांनी उचललं. गळ्यात दोन कार्डं बघून ते एकमेकांकडे बघायला लागले. जिवंत की मेलेली? मी पडल्या पडल्या म्हटलं, "सॉरी." केमिकलच्या भागात दोनदा शिरले म्हणून नियमाप्रमाणे मला फवाऱ्याखाली धुतलं, कागदी झगा घातला आणि यादीच्या टेबलापुढे उभं केलं. झग्यातून फक्त चुडा दिसत होता.

सुहास धावत आला. तो कधी धावत नाही. माझ्यासमोर थांबला, माझे हात चाचपले, डोकं चाचपलं. मग मागे फाईलवाले आहेत हे आठवलं असावं. पेन उचललं.

"नाव?"

"सायली."

"नवऱ्याचं नाव?" फॉर्ममध्ये तसा रकानाच आहे हो! आणि तो माझा नवरा असला तरी रकाना भरल्याशिवाय सोडणाऱ्यातला नाही.

शेजारच्या स्ट्रेचरवरून मंजिरीताई रक्ताळलेला पाय घेऊन उठून बसल्या. "नाव घे! उखाण्यात घे! नवी नवरी आहे!"

आणि काय सांगू, भीतीने माणसाचं काय होतं. लग्नात चार बायकांनी विनवण्या करून माझ्या तोंडून उखाणा निघाला नव्हता. तिथे, अंगावरून पाणी निथळत असताना, पाच-सहा देशांच्या साठ माणसांसमोर निघाला:

"काळं कार्ड खिशात, हिरवं कार्ड गळ्यात,
सुहासरावांचं नाव घेते, जीव तळ्यात-मळ्यात!"

मंजिरीताईंनी टाळ्या पिटल्या. अबू नासिरने काय चाललंय म्हणून विचारलं, ताईंनी अरबीत सांगितलं, आणि तो दाढीचा माणूस डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसला. मग सुहासच्या खांद्यावर हात ठेवून सगळ्यांना म्हणाला, "यादी अशी ठेवायची. मेलेलासुद्धा सापडल्याशिवाय कुणी घरी जायचं नाही."

सुहासच्या कामाची नोंद चांगली झाली. माझीही झाली. अहवालाच्या शेवटी सुधारणेची एकच सूचना होती, त्याने मला वाचून दाखवली: 'यापुढे मृताच्या भूमिकेसाठी माणूस न वापरता पुतळा वापरावा.'

परवा पुढचं ड्रिल झालं. सुहास घरी आला तो खुशीत. "आज चाळीसच्या चाळीस पहिल्या फटक्यात जुळले."

"आणि सतरा नंबर?"

"पुतळा होता. फार गुणी. जिथे ठेवला तिथे पडून राहिला." बूट काढता काढता म्हणाला, "त्याला सासू नाही ना."